काजळी म्हणजे मध्ययुग नव्हे

पॅरिसचं नोत्र दाम कॅथेड्रल ७ डिसेंबर २०२४ रोजी पुन्हा उघडलं आणि आतले फोटो फिरायला लागताच एक तक्रार जगभरातून ऐकू आली: हे फारच उजळ झालंय. १५ एप्रिल २०१९च्या आगीत शिशाचं छप्पर वितळलं होतं, त्याची विषारी धूळ कोनाकोपऱ्यात बसली होती. म्हणून आतल्या भिंतींवर लॅटेक्सचा लेप द्यायचा आणि तो वाळला की मळासकट सोलून काढायचा, अशा पद्धतीने दगड स्वच्छ केला गेला. खालून निघाला तो फिकट पिवळसर चुनखडीचा दगड. युरोप फिरून आलेल्या आपल्याकडच्या मंडळींचंही म्हणणं तेच. आम्ही पाहिलं तेव्हा काय गूढ वाटायचं, आता हॉटेलची लॉबी वाटते!

पॅरिसच्या नैर्ऋत्येला साधारण ९० किलोमीटरवरच्या शार्त्रच्या कॅथेड्रलबाबत हाच वाद त्याआधी दहा वर्षं चालू होता. १९७९पासून ते जागतिक वारसा यादीत आहे. २००९मध्ये तिथल्या आतल्या भिंती स्वच्छ करायला सुरुवात झाली आणि २०१४च्या अखेरीस एका अमेरिकन वास्तुसमीक्षकाने त्यावर असा काही हल्ला चढवला की लेख, सह्यांच्या मोहिमा आणि इतिहासकारांची प्रत्युत्तरं यांचा नुसता धुरळा उडाला. एक बाजू म्हणते, शतकांचं गांभीर्य पुसून टाकलं. दुसरी म्हणते, आम्ही १३वं शतक परत आणलं. मला दोन्ही दावे पोकळ वाटतात.

माझं मत आधीच सांगून टाकतो. शार्त्रच्या भिंती धुतल्या हे बरं झालं. शार्त्रची काळी माता, म्हणजे तिथली मेरीची काळी मूर्ती, गोरी केली हे चुकलं. ही दोन्ही विधानं एकाच तोंडाने करता येतात, कारण त्यांच्यामागचा प्रश्न एकच आहे. वर साचलेला थर कुणाला हवा होता का? तो नुसता बसला, की पिढ्यान्‌पिढ्यांच्या माणसांनी तो आपला मानला? वाद घालणाऱ्यांनी हा प्रश्न सोडून ‘अस्सल’ काय आणि ‘नकली’ काय यावर शाई आटवली. आठशे वर्षं वापरात असलेल्या इमारतीत कुठलं तरी एकच अस्सल रूप असणार, असं आधी धरूनच का चालायचं?

भिंतींवर नेमकं काय निघालं ते पाहू, कारण काळ्या दगडाला कुणीतरी नवाकोरा रंग फासला असाच अनेकांचा समज दिसतो. १० जून ११९४च्या आगीत शार्त्रचं जुनं चर्च जळालं. पश्चिमेचा दर्शनी भाग, तिथली शिल्पं आणि तिथल्या तीन खिडक्या वाचल्या. नवं काम विलक्षण वेगाने उभं राहिलं, १२२०च्या सुमारास ३७ मीटर उंचीचं कमानदार छत पुरं झालं, आणि २४ ऑक्टोबर १२६० रोजी राजा नववा लुई याच्या उपस्थितीत चर्चचा अभिषेक झाला. बांधकाम होताच गवंड्यांनी आतून चुन्याचा पातळ गिलावा दिला, त्यावर पिवडीच्या जातीचा पिवळसर रंग दिला, आणि त्या रंगावर पांढऱ्या रेघांनी दगडांचे सांधे रंगवले. भिंत दगडाचीच, मग दगडी भिंतीवर दगडांचं चित्र कशासाठी? कारण खरे दगड लहानमोठे होते आणि खरे सांधे वरखाली. रंगवलेले सांधे मात्र एका मापाचे, एका ओळीत. काजळी निघाल्यावर जवळून पाहिलं तर पांढरी रेघ एका जागी आणि गिलाव्याखालचा खरा सांधा भलत्याच जागी, असं दिसतं. म्हणजे ज्यांनी ही भिंत रचली, त्यांनाच ती उघडी दाखवायची नव्हती! ‘दगडाचा प्रामाणिकपणा’ वगैरे जे आपण गॉथिक, म्हणजे टोकदार कमानींच्या मध्ययुगीन शैलीतल्या, वास्तूंबद्दल कौतुकाने बोलतो, ते त्या गवंड्यांच्या गावीही नव्हतं.

बाहेरच्या बाजूलाही हीच गोष्ट. उत्तर फ्रान्समधल्या आमियां शहराच्या कॅथेड्रलची पश्चिमेकडची दारं १९९०च्या दशकात लेझरने साफ करताना दगडी संतांच्या अंगरख्यांच्या घड्यांत, कोपऱ्यांत रंगाचे अवशेष सापडले. तिथे आता उन्हाळ्यातल्या रात्री पुतळ्यांवर रंगीत प्रकाश टाकून ते जुने रंग दाखवतात. लोक बघतात, टाळ्या वाजवतात, दिवे विझले की हुश्श करून म्हणतात, चला, आता खरं दिसायला लागलं. स्वित्झर्लंडमध्ये लोझानच्या कॅथेड्रलचं १३व्या शतकातलं रंगीत दार आडोशाला असल्यामुळे बऱ्यापैकी टिकलं, आणि ते पाहणाऱ्या आजच्या माणसाला ते हमखास भडक वाटतं. वाटू दे. आपल्या आवडीचा पुरावा म्हणून इतिहासाला साक्षीला बोलावलं की इतिहास असा उलटतो.

बरं, मध्ययुगाला काळोख प्रिय होता असं तरी कुणी सांगितलं? ११४०च्या दशकात पॅरिसजवळ सेंट-देनीचं मठाचं चर्च नव्याने बांधणारा मठाधिपती सूझे उजेडाने अक्षरशः झपाटलेला होता. त्याने मुख्य दारावर कोरून घेतलेल्या लॅटिन ओळींचा सगळा रोख असा की हे काम झळाळतं आहे आणि त्या झळाळीने मनं उजळावीत. गॉथिक शैलीचा आरंभ जिथे धरला जातो तिथल्या कर्त्यालाच उजेडाचा एवढा सोस होता. उलट बाजूला क्लेअरव्होचा संत बर्नार्ड. ११२५च्या सुमारास त्याने मठांतल्या भपक्यावर कोरडे ओढले: चर्चच्या भिंती चमकतात आणि दारातला गरीब उपाशी राहतो, दगडांना सोनं आणि लेकरांना चिंध्या. मध्ययुगीन चर्चकलेवरची ही सर्वांत धारदार टीका, तीही आतल्याच माणसाची. पण त्याची तक्रार काय आहे पाहा. सोनं, रंग, प्रकाश फार झाला, ही. बर्नार्डच्या सिस्टर्शियन पंथाची चर्चेस साधी असत हे खरं. मात्र साधी म्हणजे उघड्या दगडाची नव्हेत. इंग्लंडमधल्या फाउंटन्स ॲबीच्या भिंतींवर चुन्याच्या सफेदीचे आणि तिच्यावर रेघांनी काढलेल्या सांध्यांचे अवशेष सापडले आहेत. बैराग्यांनासुद्धा भिंतीला हात द्यावासा वाटला. पुढे १३व्या शतकाच्या उत्तरार्धात तर फ्रेंच कारागीर गडद काचांच्या जोडीला फिकट, जवळजवळ रंगहीन काचा लावायला लागले. कशासाठी? आत जास्त उजेड यावा म्हणून. १२६२मध्ये सुरू झालेलं त्र्वा गावातलं सेंट-उर्बेनचं चर्च म्हणजे तर नुसता काचेचा पिंजरा आहे.

मग ही काळोखाची आवड आली कुठून? १८व्या शतकात शार्त्रच्या धर्मगुरूंना आपलं चर्च मागासलेलं आणि कोंदट वाटत होतं. १७६३मध्ये त्यांनी १३व्या शतकातला कोरीव दगडी पडदा, जो वेदीचा भाग आणि सामान्य भाविक यांच्यामध्ये होता, तोडून टाकला. वेदीजवळच्या काही रंगीत खिडक्या काढून साध्या काचा बसवल्या, मध्ये संगमरवरी शिल्पांचा भव्य देखावा उभा केला. पॅरिसच्या नोत्र दाममध्येही त्याच शतकात जुन्या रंगीत काचा मोठ्या प्रमाणावर जाऊन पांढऱ्या काचा आल्या. पुढे राज्यक्रांतीत चर्चची संपत्ती जप्त झाली, शार्त्रच्या छपराचं शिसं काढून नेलं गेलं, आणि वास्तू दुर्लक्षात पडली. १९व्या शतकात जेव्हा कवी, चित्रकार आणि हौशी प्रवासी गॉथिक वास्तूंच्या प्रेमात पडले, तेव्हा त्यांच्या वाट्याला आलेली इमारत मेणबत्त्यांच्या धुराने काळवंडलेली, ओलीने डागाळलेली, अर्धवट उजाड होती. त्यांनी जे पाहिलं त्याचंच नाव मध्ययुग ठेवलं. आपण अजूनही त्यांच्याच डोळ्यांनी पाहतो.

या प्रकरणात मला सर्वांत गमतीशीर वाटते ती १९व्या शतकातला इंग्रज कवी आणि कलावंत विल्यम मॉरिस याची ओढाताण. शार्त्रच्या विरोधकांनी त्याचं नाव मोठ्या आदराने घेतलं, कारण प्राचीन इमारतींच्या रक्षणासाठी १८७७मध्ये लंडनमध्ये त्याने जी संस्था काढली, तिचा जन्मच जीर्णोद्धारातल्या अतिउत्साहाविरुद्ध झाला. पण त्या संस्थेला लोक ‘अँटी-स्क्रेप’, म्हणजे खरवडण्याच्या विरोधातली, असं टोपणनाव का देत होते? त्या काळचे इंग्रज वास्तुविशारद जुन्या गावचर्चांच्या भिंतींचा गिलावा खरवडून आतला दगड उघडा करत होते म्हणून! ‘मध्ययुगीन’ दिसावं या हट्टापायी गिलाव्याबरोबर त्यावरची मध्ययुगीन चित्रंही गेली. इंग्लंडमधल्या सॉल्झबरीच्या सेंट टॉमस चर्चचं नशीब त्या मानाने थोर. तिथलं १५व्या शतकातलं अंतिम निवाड्याचं प्रचंड भित्तिचित्र १५९३मध्ये प्रॉटेस्टंट राजवटीत चुन्याने झाकलं गेलं आणि १९व्या शतकात पुन्हा उघडं झालं. झाकणाऱ्यांनी नकळत ते वाचवलं. खरवडणाऱ्यांच्या तावडीत सापडलं असतं तर शोधायलाही काही उरलं नसतं. तेव्हा मॉरिसला साक्षीला बोलवायचं असेल तर तो गिलाव्याच्या बाजूने उभा राहील.

आता विरोधकांचे जे मुद्दे खरोखर वजनदार आहेत त्यांच्याकडे येतो, कारण सगळेच काही जुन्या आठवणींचे उसासे नाहीत.

पहिला मुद्दा काचांचा. शार्त्रमध्ये १७०हून अधिक खिडक्या आहेत आणि त्यांतल्या बहुतेक १२व्या-१३व्या शतकातल्या. अंधाऱ्या भिंतींमध्ये ती काच निखाऱ्यासारखी पेटायची. भिंती उजळल्या की डोळ्याची बाहुली आकसते आणि काच तुलनेने फिकी भासते. हे मला मान्य आहे, यात दृष्टिभ्रम नाही. पण त्या काचा ज्या कारागिरांनी बसवल्या त्यांच्यासमोर कुठल्या भिंती होत्या? पिवळ्या. म्हणजे काच आणि भिंत यांचा जो मेळ त्यांनी योजला तो हाच. काजळीच्या काळात काचही मळलेली होती, म्हणजे आपण काळ्या भिंतीतली काळवंडलेली काच पाहत होतो. शिवाय काळी भिंत प्रकाश गिळते. उजळ भिंतीवर मात्र ऊन फिरेल तसे निळे-लाल कवडसे सरकताना दिसतात. १९७०च्या दशकात पश्चिमेकडच्या तीन खिडक्या धुतल्या तेव्हाही ‘शार्त्रचा निळा गेला’ अशी ओरड झाली होती. आज त्याच खिडक्यांसमोर लोक माना वर करून तासन्‌तास उभे असतात आणि तो निळा बघून थक्क होतात. माझी खरी तक्रार वेगळीच आहे: धुतलेल्या भिंतींवर केलेला विजेच्या दिव्यांचा मारा. तो कुठल्याच शतकातला नाही, आणि हॉटेलच्या लॉबीची आठवण येते ती चुन्यामुळे नव्हे, या दिव्यांमुळे. एक बटण दाबून मिटणारा वाद आहे तो.

दुसरा मुद्दा जास्त गंभीर. जुना गिलावा सगळीकडे शाबूत नव्हता. जिथे तो गेला होता तिथे नव्याने भरून रंगवण्यात आला, आणि तो असा बेमालूम की खाली उभं राहून जुनं कुठे संपतं आणि नवं कुठे सुरू होतं हे कळत नाही. १९६४च्या व्हेनिस सनदेत, जी आजही जतनकार्याची पायाभूत आचारसंहिता मानली जाते, स्पष्ट म्हटलंय की भरलेला भाग एकूण रूपाशी सुसंगत असावा पण मूळ भागाहून वेगळा ओळखू यावा. इथे मी विरोधकांच्या बाजूला आहे. हे काम वेगळ्या रीतीने करता येतं, आणि त्याचं उदाहरण दूर नाही. स्पेनमध्ये सांतियागो द कोंपोस्तेलाच्या कॅथेड्रलमधलं ‘पोर्तिको द ला ग्लोरिया’ हे मातेओ नावाच्या शिल्पकाराचं ११८८मधलं महाद्वार. दहाएक वर्षं चाललेलं तिथलं जतनकाम २०१८मध्ये संपलं. दगडावर मध्ययुगीन रंग होते आणि त्यावर पुढच्या शतकांत पुन्हापुन्हा दिलेले रंग. तज्ज्ञांनी धूळ, क्षार, ओल यांचा बंदोबस्त केला, सापडेल तो रंग जागेवर पक्का केला, आणि जिथे रंग नव्हता तिथे दगड तसाच ठेवला. त्यामुळे एकाच संताच्या अंगावर आज वेगवेगळ्या शतकांचे रंग शेजारी शेजारी दिसतात आणि मध्येच उघडा ग्रॅनाइट. देखावा म्हणून शार्त्रइतका एकसंध नाही, पण तिथे पाहणाऱ्याची फसवणूकही होत नाही. अर्थात दार वेगळं आणि अख्ख्या कॅथेड्रलचं आतलं कवच वेगळं. तिथे ठिगळं ठेवली असती तर वास्तूची उंची, तिचा ठेका सगळंच तुटलं असतं हा शार्त्रवाल्यांचा बचाव निकाली काढण्यासारखा नाही. तरी नव्या भागाला अर्ध्या छटेचा फरक ठेवायला काय हरकत होती?

तिसरा मुद्दा: काळ हाही एक कारागीर आहे, त्याने चढवलेली छटा उतरवण्याचा आपल्याला काय अधिकार? हा युक्तिवाद ऐकायला भारदस्त आहे. आणि त्यामागे एक खरी भीती आहे. १९३७-३८मध्ये ब्रिटिश म्युझियममध्ये अथेन्सच्या पार्थेनॉन या प्राचीन ग्रीक मंदिराची शिल्पं पांढरीशुभ्र दिसावीत म्हणून धातूच्या हत्यारांनी घासली गेली. सफाईच्या नावाखाली पृष्ठभागच गेला, तो परत येणार नाही. पण हे उदाहरण नीट पाहिलं तर ते कुणाच्या विरोधात जातं? तिथे शिल्पांच्या नव्या दालनासाठी पैसे देणाऱ्या देणगीदाराच्या डोक्यात प्राचीन ग्रीस म्हणजे पांढरा संगमरवर, असं पक्कं बसलेलं होतं आणि दगडाला त्या कल्पनेच्या मापात बसवलं गेलं. काळोखप्रेमींच्या डोक्यातही तसंच एक चित्र आहे, फक्त रंग उलटा. व्हेनिस सनद सांगते की इमारतीत सर्व काळांनी घातलेली भर जपावी. खुशाल जपावी. शार्त्रमध्ये १८व्या शतकातली संगमरवरी शिल्पं कुणी हलवलेली नाहीत, आणि ती १३व्या शतकाशी अजिबात जुळत नसली तरी हलवू नयेतच. ती कुणीतरी विचार करून, पैसे मोजून, भक्तीने बसवली होती. धुराच्या पुटाबद्दल असं काय म्हणता येईल? कुठल्या पिढीने ते भिंतींवर बसावं म्हणून मेणबत्त्या लावल्या?

चौथा मुद्दा मी वाद न घालता मान्य करतो. १९०५च्या कायद्यानंतर फ्रान्समधली कॅथेड्रल्स सरकारच्या मालकीची आहेत. निर्णय मंत्रालयाने आणि तज्ज्ञांनी घेतला, गावाला आणि भाविकांना तो परांची चढल्यावर दिसला. चर्चा आधी झाली असती तर नंतरचा निम्मा राग टळला असता.

आणि याच मुद्द्यावरून मी काळ्या मातेकडे येतो, कारण तिथे हा निर्णय मला अन्यायाचा वाटतो. शार्त्रमध्ये एका दगडी खांबावर १६व्या शतकातली लाकडी मेरी आहे, मांडीवर बाळ येशू. नोत्र दाम द्यु पिलिए, खांबावरची माता. शतकानुशतकं यात्रेकरू तिच्यासमोर मेणबत्ती लावत आले, खांबाला हात लावून, ओठ टेकवून पुढे जात आले. लोकांना ती काळी म्हणूनच ठाऊक होती. २०१०च्या दशकातल्या कामात तिचा काळा रंग उतरवला गेला आणि आज ती गोऱ्यापान चेहऱ्याची, गुलाबी गालांची झाली आहे. तज्ज्ञांचं म्हणणं, मूळ मूर्ती अशीच होती, काळेपणा धुराचा आणि नंतरच्या रंगाचा. शास्त्र म्हणून ते बरोबर असेल. भिंतीला मी जो नियम लावला तोच लावला तर मीही टाळी वाजवायला हवी, नाही का? दोन्हीकडे धूरच तर आहे.

नाही. भिंतीच्या काजळीला कुणी नमस्कार केला नव्हता. मातेच्या काळ्या रंगाला लोकांनी अर्थ दिला होता. बायबलमधल्या गीतरत्नात एक स्त्री म्हणते की मी काळी आहे, पण देखणी आहे. त्या ओळीचा आधार घेऊन युरोपभर काळ्या मातांची भक्ती बहरली. स्पेनमधल्या मोन्सेर्रातची मूर्ती मुळात उजळ होती आणि कालांतराने काळवंडली असं अभ्यासक सांगतात, पण तिथल्या लोकांनी तिला पुढे हौसेने काळी रंगवली आणि आजही लाडाने ‘सावळी’ म्हणतात.

सर्वांत बोलकी कथा स्वित्झर्लंडच्या आइनसिडेल्न मठाची आहे. १७९८मध्ये फ्रेंच फौजा आल्या तेव्हा मठवासीयांनी आपली काळी माता लपवून डोंगरापलीकडे ऑस्ट्रियातल्या ब्लूडेन्झला नेली. तिथे १७९९मध्ये योहान आडाम फ्युट्शर नावाच्या कारागिराने ती साफ केली. पुटं निघाल्यावर खाली चेहऱ्याचा मानवी रंग होता. समया-मेणबत्त्यांच्या धुराने ती काळी झाली, हे त्याने स्वतः नोंदवून ठेवलं. पण उजळलेला चेहरा लोकांना काही रुचेना. शेवटी फ्युट्शरने मातेचा आणि बाळाचा चेहरा मुद्दाम काळा रंगवला, आणि १८०३मध्ये ती काळी होऊनच घरी परतली. फ्युट्शरला सत्य माहीत होतं, त्याने ते लपवलंही नाही, कागदावर लिहून ठेवलं. फक्त मूर्तीवर ते लादलं नाही. दोनशे वर्षांनी, क्ष-किरण आणि सूक्ष्मदर्शक हाताशी असलेल्या शार्त्रच्या तज्ज्ञांना एवढं सुचू नये? आजच्या फ्रान्समध्ये आफ्रिकेतून आणि कॅरिबियन बेटांतून आलेल्या कुटुंबांचे भाविकही त्या खांबाशी येतात. काळी माता एका रात्रीत गोरी होणं याचा अर्थ त्यांना कसा लागला असेल, हे प्रयोगशाळेत कळत नाही.

हा सगळा फ्रान्स-स्वित्झर्लंडचा मामला आपल्याला कशाला, असं वाटत असेल तर जुन्या गोव्याला जाऊन बॉम जीझसच्या बॅसिलिकासमोर उभं राहावं. १५९४मध्ये सुरू होऊन १६०५मध्ये अभिषेक झालेली ही वास्तू. अर्थात मध्ययुगीन नव्हे. पण आज ती जी लालसर, उघड्या जांभ्याची दिसते, पोस्टकार्डांवर आणि पर्यटन खात्याच्या जाहिरातींत जी तिची ‘ओळख’ आहे, ती जेमतेम सत्तर वर्षांची आहे. त्याआधीचे फोटो काढून पाहा, भिंतींवर पांढरा चुन्याचा गिलावा आहे. तो १९५०च्या दशकाच्या सुरुवातीला पोर्तुगालहून आलेल्या बाल्ताझार द कास्त्रो या वास्तुविशारदाने उतरवला. हे गृहस्थ पोर्तुगीज सरकारच्या ज्या स्मारक खात्यातले होते, त्या खात्याने हुकूमशहा सालाझारच्या राजवटीत मायदेशातल्या मध्ययुगीन चर्चांचे गिलावे आणि नंतरची बरोक, म्हणजे १७व्या-१८व्या शतकातली भरगच्च, सजावट काढून ती ‘शुद्ध’, उघड्या दगडाची करण्याचा सपाटा लावला होता. राष्ट्राचा उगम मध्ययुगातला, तेव्हा मध्ययुग राकट आणि दगडी दिसलं पाहिजे, असं ते राजकारण. युरोपच्या मध्ययुगाबद्दलची ही चुकीची समजूत बोटीत बसून मांडवीच्या काठी आली आणि जिचा मध्ययुगाशी काडीचा संबंध नाही अशा इमारतीची कातडी सोलून गेली.

फरक इतकाच की फ्रान्सचा चुनखडी दगड आतल्या बाजूला उघडा राहिला तरी टिकतो. कोकणात घर बांधलेल्या कुणालाही विचारा, जांभा पावसात उघडा ठेवला तर काय होतं. दर्शनी भागातलं कोरीव काम वसईहून आणलेल्या काळ्या पाषाणात आहे, ते तग धरून आहे. त्याच्या आजूबाजूचा जांभा मात्र दर पावसाळ्यात झिजतो, भुगा होतो, ओल आत शिरते. २०२०मध्ये बॅसिलिकाच्या धर्मगुरूंनी वास्तूच्या अवस्थेबद्दल जाहीरपणे आवाज उठवला आणि गिलावा पुन्हा द्यावा अशी मागणी जोर धरू लागली. देखभाल भारतीय पुरातत्त्व सर्वेक्षणाकडे आहे. आणि गिलाव्याला विरोध करणारे काय म्हणतात? लोकांना ही वास्तू लालच माहीत आहे, तिची ओळख बदलेल. अगदी शार्त्रचीच भाषा.

माझ्याच नियमाने हा प्रश्न मला अडचणीत आणू शकतो हे मी जाणतो. लोकांनी आपला मानलेला थर जपा असं म्हणायचं, तर लोकांनी आपला मानलेला उघडेपणाही जपायला नको का? पण आइनसिडेल्नच्या मातेला काळ्या रंगाने काही इजा होत नव्हती. बॉम जीझसला उघडेपणाने होते आहे. आणि सत्तर वर्षांच्या सवयीत पर्यटकाचं प्रेम किती आणि भाविकाचं किती, हेही तपासायला हवं. संत फ्रान्सिस झेवियरच्या दर्शनाला येणारा माणूस भिंत लाल आहे म्हणून येत नाही. एका बाजूच्या भिंतीवर पारंपरिक पद्धतीने भिजवून मुरवलेल्या चुन्याचा गिलावा द्यावा, दोन-तीन पावसाळे त्याची नोंद ठेवावी, सिमेंटला जवळपास फिरकू देऊ नये. गिलावा उतरवताना गोव्याच्या लोकांना कुणी विचारलं नव्हतं. आता चढवायचा की नाही हे तरी त्यांना विचारावं, आणि विचारताना त्यांच्यासमोर १९५०च्या आधीचे फोटो मांडावेत.